पाव्हणे आलेत, हळू या

लातुरात कुणी विचारलं की काय करता, तर मी सांगतो, आधी नाटकात कामं करायचो, आता जंगलाचे माहितीपट करतो. मग पुढचा प्रश्न ठरलेला. "जंगल? आपल्याकडं?" विचारणाऱ्याचा चेहरा असा होतो, की जणू मी निलंग्यात बसून समुद्रातल्या माशांचा व्यापार करतो. त्याचंही चुकत नाही. लातुरात झाड दिसतं ते शिकवणीवर्गाच्या फलकाला टेकू म्हणून. मी मूळचा देवणीचा. आमच्या गावाचं नाव दूरवर गेलं ते बैलांमुळे, माणसांमुळे नाही. त्यामुळे जनावराकडे आदरानं बघायची मला लहानपणापासून सवय आहे. बायको म्हणते, "सवय कसली, ती नात्याची ओढ आहे."

पण नांदेड ओलांडा, भोकर ओलांडा, आणि तसंच किनवटच्या दिशेनं जात राहा. कापसाची रानं हळूहळू विरळ होतात आणि दोन्ही बाजूंनी सागवान रस्त्यावर वाकून बघायला लागतं, कोण आलंय म्हणून. त्याही पुढं, डांबर संपतं तिथून आत, पैनगंगेकडं उतरणारी एक वाडी आहे. मोजकी घरं, बहुतेक आंध आदिवासी समाजाची. चारी बाजूंनी जंगल आणि मध्ये कापूस, तूर, थोडं सोयाबीन. गेली दोन वर्षं मी या जंगलाची आणि त्यात राहणाऱ्या माणसांची फिल्म करतो आहे. मोहाची फुलं वेचणाऱ्या बायका मी घेतल्या, बाजाराला जाणारी वाट घेतली, माकडांनी पळवलेली माझी चप्पलसुद्धा घेतली. फक्त एक गोष्ट मिळत नव्हती, आणि चॅनलचा माणूस दर फोनला नेमकी तीच मागत होता. "सर, सगळं सुंदर आहे. पण वाघ कुठंय?"

वाडीत मी उतरतो ते मावशीच्या घरी. मावशी उंचीनं माझ्या खांद्याला आणि आवाजानं नदीपलीकडच्या गावाला पोचते. नवरा लवकर गेला. तेव्हापासून शेत तिनं आणि तिच्या एकुलत्या एका मुलानं सांभाळलं. मुलगा आता तिशी ओलांडलेला, रुंद खांद्याचा, आणि बोलण्यात इतका काटकसरी की 'हाव' म्हटलं तर त्या दिवशीचं भाषण झालं असं समजावं.

पहिल्याच दिवशी तिच्या अंगणात जेवताना मी विचारलं, "मावशी, इकडं वाघ..."

पुढचा शब्द निघायच्या आत माझ्या ताटात एवढी मोठी भाकरी आदळली, की वरणानं उडी मारली.

"नाव नका घेऊ त्याचं! नाव घेतलं की येतो."

"मग काय म्हणायचं?"

"पाव्हणा म्हणायचं. घरी आलेल्या पाव्हण्याला का कुणी नावानं हाका मारतं?"

तेव्हापासून मला ती भाषा कळायला लागली. पाव्हणा पहाटं नाल्यावरनं गेला. पाव्हण्यानं पलीकडच्या वाडीतलं वासरू नेलं. या आठवड्यात पाव्हणे न्हाईत, तिकडं टिपेश्वरच्या अभयारण्याकडं गेले असतील. बोलताना सगळी वाडी त्याला असा मान देई, की ऐकणाऱ्याला वाटावं, कुणी तहसीलदार दौऱ्यावर आहेत. आणि मी? मीही तसा पाव्हणाच. पण तो शब्द अडकलेला होता, म्हणून मला सगळे 'लातूरवाले' म्हणायचे.

तर असं सगळं झकास चाललेलं असताना मावशीच्या मनात एक काटा होता. पोराचं लग्न जमत नव्हतं.

हल्ली शेती करणाऱ्या पोराला मुलगी मिळणं कुठंच सोपं नाही. त्यात ही वाडी जंगलातली. पाहुणे यायचे, पोरगा पसंत पडायचा, शेत पसंत पडायचं, आणि परत जाताना फाट्यावरच्या चहावाल्याकडं कुणीतरी हळूच सांगायचं, "तिथं देता व्हय पोरगी? तिथं तर तो फिरून राहिला ना." झालं. सोयरीक तिथंच बुडायची. असं दोन-तीनदा झालं. पोरगा मग बैलांना जास्त वेळ धुवत बसायचा. बैल इतके चकचकीत मी देवणीतही पाहिले नाहीत.

एकदा मावशी माझ्याजवळ येऊन बसली. आवाज बारीक करून, म्हणजे फक्त निम्म्या वाडीला ऐकू जाईल असा, म्हणाली, "भाऊ, तुमची फिलीम कुटं बी दाखवा. पर आमच्या वाडीचं नाव नका घेऊ त्यात. आधी ह्याची सोयरीक होऊ द्या. एवढी पोरगी घरात आली, की मग घ्या खुशाल."

"नाही घेत, मावशी."

"अन् कुणी पाव्हणे आले बघायला, तर त्या पाव्हण्याचं नाव काढायचं न्हाई."

मी नीट विचारून घेतलं, कोणत्या पाव्हण्यांसमोर कोणत्या पाव्हण्याचं. तिनं माझ्याकडं असं बघितलं, की जणू शिकून वाया गेलेला माणूस पहिल्यांदाच बघतेय.

तूर फुलावर आली होती, तेव्हाची गोष्ट. मी किनवटला लॉजवर होतो. मराठी-तेलुगू एकत्र कालवून बोलणाऱ्या खानावळवाल्याकडं न्याहारी करत होतो, तेवढ्यात फोन वाजला. मावशी! वाडीत रेंज नाही. रेंज मिळते ती घरामागच्या टेकाडावर, तीसुद्धा वाऱ्याच्या मर्जीनं. म्हणजे मावशी टेकाड चढून आली होती. म्हणजे तसंच काहीतरी असणार.

"हॅलो, भाऊ... पाव्हणे आलेत!" आणि पुढं खरखर.

माझ्या हातातला घास खाली पडला. "कुठं?"

"चिंचंखाली... चौघं हायत... संगं लेकरू बी आणलंय..."

"मावशी, नीट बघितलंस ना?"

"म्या काय आंधळी हाय? हितनं दिसून राहिलेत की... बसलेत निवांत. बिगीबिगी या. पर येताना हळू या, गडबड नका करू." पुन्हा खरखर. "अन् कापडं नीट घाला, तुमची ती..." खरखर. "तोंडातनं काय बी काढू नका. बिथरून जातील!"

फोन तुटला.

आता तुम्हीच सांगा. चौघं. सोबत लेकरू. चिंचेखाली, निवांत. भर सकाळी! माणसाच्या आयुष्यात एखाद्या जंगलानं इतकं एकदम दिलेलं मी ऐकलेलं नाही. आणि मावशीचा माझ्या कामाचा अभ्यास किती, हळू या म्हणाली, आवाज करू नका म्हणाली, इतकंच काय, कपड्यांचीही आठवण केली. मी खोलीवर धावलो, पाठीवर हिरवे-तपकिरी डाग असलेला माझा तो खास पोशाख चढवला, डोक्यावरून पानांची जाळी घेतली आणि जीप अशी हाणली, की खानावळवाला बिल मागायचं विसरला.

नाल्याच्या अलीकडंच मी जीप सोडली. वारा कुठून येतो ते बघितलं. नाल्यातला चिखल घेतला, तोंडाला फासला, कानामागंही फासला, कारण काम करायचं तर मनापासून. आणि मग कॅमेरा छातीशी धरून, मावशीच्या तुरीच्या रानात मी पोटावर आडवा झालो. पन्नाशीचा माणूस, पोट हे असं. सरपटण्यापेक्षा गडगडत गेलो म्हणणं जास्त खरं. तुरीची पिवळी फुलं जाळीत अडकत होती, मुंग्या कॉलरमध्ये उतरत होत्या, आणि मी मनातल्या मनात पुरस्काराचं भाषण म्हणत होतो.

रान संपायच्या जरा आधी थांबलो. चिंचेकडून आवाज आला. फुर्रर्र. खोल, भारी, तृप्त असा. पुन्हा एकदा, फुर्रर्र.

मी श्वास रोखून कॅमेरा डोळ्याला लावला. भिंगात आधी नुसतं धुकं. मग रंग दिसला. पिवळा. त्यावर काळे पट्टे! माझं काळीज तुरीच्या शेंगांसारखं वाजायला लागलं. बोटानं भिंग फिरवलं. पट्टे स्पष्ट झाले. मग त्या पट्ट्यांनी बशी उचलली, तोंडाला लावली आणि चहा ओढला. फुर्रर्र.

पिवळं, काळ्या पट्ट्यांचं लुगडं नेसलेली एक भरदार बाई बाजेवर बसली होती. शेजारी टोपीवाले गृहस्थ. त्यांच्या शेजारी त्यांची बायको. आणि पलीकडं खुर्चीवर पंचविशीतली एक मुलगी, पायात चपला तशाच, कप हातात, घराकडं बारकाईनं बघत बसलेली. लेकरू! पलीकडं मावशी नवं लुगडं नेसून ताठ उभी. पोरगा इस्त्रीचा शर्ट घालून खांबाला टेकलेला. त्याच्यात आणि खांबात हलत होता तो खांब, असं वाटावं.

मावशीला 'तुमची ती पांढरी कापडं' म्हणायचं होतं, हे मला तिथं, मुंग्यांच्या सहवासात, उमगलं. लातूरहून आलेला एक मोठा माणूस पांढऱ्या कपड्यात शेजारी बसला, की सोयरिकीला वजन येतं, एवढाच तिचा हिशोब होता.

मी ठरवलं, आल्या वाटेनं मागं जायचं. पोटावर पुढं जाणं एक वेळ जमतं. मागं जाणं हा वेगळाच विषय आहे. माझा पाय तुरीच्या धाटात अडकला आणि सगळं रान सळसळलं.

पट्टेवाल्या बाईंनी वर बघितलं. हलणारी झुडपं, त्यातून दोन डोळे. बशी खाली पडली.

"वाघ! अगं बाई, वाघ!"

आणि इथं जे झालं, ते त्याच वाडीत होऊ शकतं. दुसरीकडची कुठलीही आई म्हणाली असती, "छे हो, इथं कुठला वाघ!" मावशीनं महिनाभर तेच वाक्य घोकलं असणार. पण कानावर तो शब्द पडला मात्र, आणि आयुष्यभराची सवय तिच्या तोंडातून उसळली.

"नाव नका घेऊ त्याचं! नाव घेतलं की येतो!"

मावशीनं हात तोंडावर नेला, पण वाक्य केव्हाच बाहेर जाऊन बाजेवर बसलं होतं.

"म्हणजे हाय!" पट्टेवाल्या बाई उठून उभ्या राहिल्या. ती मुलीची आत्या होती. "दादा, ऐकलं का? हाय म्हणजे! फाट्यावर सांगितलं तेच खरं!"

आता मला उभं राहण्यावाचून गत्यंतर नव्हतं. मी उठलो. डोक्यावर पानं, फुलं, तोंडाला चिखल, छातीशी कॅमेरा. शक्य तेवढ्या सभ्यपणे म्हणालो, "नमस्कार. मी लातूरचा."

टोपीवाल्यांनी, म्हणजे मुलीच्या वडिलांनी, मला पानांपासून पायापर्यंत न्याहाळलं. मग त्यांनी मावशीला विचारलं, "लातुरात सगळे असेच राहतात का?"

"न्हाई हो! फिलीमवाले हायत आमचे. लई शिकलेले हायत," मावशी कळवळून म्हणाली. शिकलेल्या माणसाच्या नाकावरून तेवढ्यात चिखलाची खपली पडली.

आत्याबाई सरळ माझ्यावर आल्या. "तुमी शिकलेले ना? मग खरं सांगा. हितं वाघ हाय का न्हाई?"

मावशीचे डोळे माझ्यावर. दोन-तीन वेळा मोडलेल्या सोयरिकी त्या डोळ्यांत होत्या, आणि ही आणखी एक माझ्या जिभेवर येऊन बसली होती. मी जन्माचा नट. खोटं बोलायला मी छाती भरून घेतली. नाल्यात मला एकदा कोल्हा दिसला होता, त्याच्यापासून सुरुवात करावी असं ठरवलं. तोंड उघडलंसुद्धा.

"हाय," पोरगा म्हणाला.

मावशीनं डोळे मिटून घेतले.

तो खांबापासून सुटून पुढं आला. आत्याशी नाही, वडिलांशीही नाही, तो मुलीकडं बघून बोलत होता. "येतो अधूनमधून. नदीच्या अंगानं येतो अन् जातो. माणसाला केलं न्हाई काई अजून. दिस बुडायच्या आत जनावरं आत घेतो आमी. सरपणाला एकटं कुणी जात न्हाई, मी संगं असतो. शेताला राखणीला रातचं म्याच जातो, आई न्हाई." मग म्हणाला, "भ्या वाटतं. मला बी वाटतं. खोटं कशाला सांगू?"

दोन वर्षांत तो माझ्याशी एवढी वाक्यं बोलला नव्हता.

मुलीनं कप खाली ठेवला. "संडास कुटं हाय?"

मला वाटलं, घाबरून तिचं पोट बिघडलं. वडीलही गडबडले. पण पोराला प्रश्न बरोबर कळला. "दावतो की," म्हणाला आणि घरात शिरला. मुलगी त्याच्या मागोमाग गेली. रातचं कुणाला बाहेर पडायला नको, म्हणून मागची भिंत फोडून त्यानं गेल्या वर्षी संडासाला आतूनच दार काढलं होतं. शहरात असावं तसं, घरातल्या घरात. विटा त्यानं स्वतः रचल्या होत्या, त्यामुळे भिंत जरा पोट काढून उभी होती, पण पक्की होती. मी तेव्हा त्या भिंतीकडं ढुंकूनही बघितलं नव्हतं. माझा कॅमेरा जंगलाकडं तोंड करून असायचा.

आतून त्या दोघांचं बोलणं ऐकू येत होतं. कडी आतनं लागते का? लागते. पाणी? टाकी हाय वर. लाईट गेली तर? बॅटरी हाय, खिळ्याला टांगलेली असते. बाहेर आम्ही सगळे परीक्षेच्या निकालाला थांबल्यासारखे उभे. मावशी पदराचं टोक बोटाला गुंडाळायची आणि सोडायची.

मुलगी बाहेर आली. आत्यानं तिचा दंड धरला. "चल ग. हदगावला काय पोरं मेली का सगळी? हितं वाघाच्या दारात देऊ व्हय तुला?"

"आत्या, मागच्या ठिकाणी त्यांनी पोराचं वय चोरलं. त्याच्या आधीच्यांनी नोकरी हाय म्हणून सांगितलं, अन् नोकरी निघाली चुलतभावाची. ह्यांनी तर वाघ सांगितला की."

"अगं पण वाघ हाय ना तो!"

"आपल्या गल्लीत कमी हायत का? तू रातच्याला मला किराणा आणायला एकटी सोडती का?"

आत्याबाईंनी तिचा दंड सोडला. मावशीनं 'नाव नका घेऊ' म्हणायला तोंड उघडलं आणि या वेळी मोठ्या निग्रहानं मिटलं.

वडील माझ्याकडं वळले. "तुमच्या यंत्रात हाय का तो? बघू तरी, केवढा हाय."

दोन वर्षांत माझ्याकडं एकच तुकडा आला होता, झाडाला बांधून ठेवलेल्या कॅमेऱ्यात. मी तो दाखवला. त्यात वाघाचे मागचे पाय, शेपटी आणि एक पाठमोरा निवांतपणा, एवढंच. त्या माणसानं डोळे बारीक करून तो तीनदा बघितला.

"हा तर जाऊन राहिला," ते म्हणाले.

"हो. माझ्याकडं तोंड करून तो कधी आलाच नाही."

"शहाणा हाय," माझ्या तोंडाकडं बघत ते म्हणाले. त्यांची बायको पहिल्यांदा हसली. पदर तोंडाला लावून हसली आणि नवऱ्याला हळूच कोपर मारलं. त्या कोपराचा अर्थ आम्हा कुणाला कळला नाही. नवऱ्याला कळला.

ऊन उतरायला लागलं तसे ते निघाले. मावशी त्यांना त्यांच्या गाडीपर्यंत सोडायला गेली. मीही गेलो, पण जरा मागून, कारण माझ्यामुळं आणखी काही मोडायला नको होतं. आत्याबाई आत बसून दुसरीकडं बघत होत्या. मुलगी गाडीत चढली, आणि चढता चढता गोठ्याकडं मान वळवली. पोरगा तिथं उगाचच एक दावं सोडत होता आणि पुन्हा बांधत होता.

वडील एक पाय आत ठेवून थांबले. "पोराचा मामा कुटं असतो?"

"उमरीला," मावशी म्हणाली. "माझा थोरला भाऊ. का?"

"बोलवून घ्या एतवारी. आमी बी चार माणसं घेऊन येतो."

"हाव," मावशी म्हणाली. गाडी गेली. धूळ खाली बसली. मावशी तिथंच उभी, कपाळाला आठी घालून, फाटकासारखी. मामा कशाला पाहिजे, हे तिच्या डोक्यात शिरायलाच तयार नव्हतं. इतक्या वेळा नकार ऐकलेला, की होकाराचा आवाज तिला ओळखू येईना.

पोरगा आला. "काय म्हणाले?"

"मामाला बोलवा म्हणाले, एतवारी."

"कशाला?"

"काय की बाबा. शेताचं काय विचारायचं असंल."

मग माझ्याच्यानं राहवलं नाही. मी रस्त्याच्या मधोमध उभा राहून, रंगभूमीवरचं सगळं आयुष्य पणाला लावून ओरडलो, "अरे, मामा कशाला लागतो? तारीख धरायला! ठरलं तुझं!"

पोरगा मटकन तिथंच मातीत बसला. इस्त्रीच्या शर्टासकट. मावशीनं आधी त्याच्याकडं बघितलं, मग माझ्याकडं. मग ती वळली, लगालगा घरात गेली आणि पाण्यानं भरलेला तांब्या घेऊन आली. मला वाटलं, पोराला पाजायला.

"हात पुढं करा," ती मला म्हणाली. "आधी ते थोबाड धुवा. एतवारी माझ्या भावानं तुमाला असलं बघितलं, तर तो मोडंल सोयरीक."

मी ओणवा झालो. ती पाणी घालत होती आणि मोठमोठ्यानं हसत होती. मग हसणं थांबलं, पण तांब्या हलतच राहिला. निम्मं पाणी माझ्या बाहीत जात होतं. चिखल गेला तरी मी ओंजळ तशीच धरून राहिलो.